दोन पाट्यांची एक टोपली

करंजखारच्या मिठागरावर एक रीत होती, आणि ती कोणी घातली हे गावात कोणालाच सांगता येत नव्हते. पुरुषाने टोपली वाहायची, बाईने पाटी. पुरुष टोपली धक्क्याला लागलेल्या पडावात ओतून परतला की पोपट मुकादम त्याच्या हातावर मजुरीचा पत्र्याचा एक बिल्ला ठेवी. बाई पाटी ओतून परतली की तो तिच्याकडे नुसता पाही. ती पुन्हा राशीपर्यंत जाऊन, दुसरी पाटी भरून, फळीवरून पडावात चढून, ती ओतून आली म्हणजे मग तिला एक बिल्ला मिळे. दोन पाट्यांची एक टोपली. भरतीनंतर ओहोटी यावी तितक्या निमूटपणे गावाने हे मानले होते. आणि जे निमूटपणे मानले जाते, त्याचा पुरावा कोणी मागत नाही.

शिवरामच्या पुतळाने तो मागितला, सत्याहत्तर सालच्या चैत्रात.

त्या साली शिवरामच्या घरात वाहणारी डोकी तीनच उरली होती: तो, त्याची बायको वेणूबाई आणि मुलगी पुतळा. थोरला मुलगा शिवा दिवाळीनंतर तळोज्याच्या कारखान्यात लागला होता. त्याच्या अंगाला आता मिठाऐवजी कसल्याशा औषधाचा वास येई, आणि सुटीच्या दिवशीही तो आगराकडे फिरकत नसे. शिवरामच्या टाचांना खाऱ्या पाण्याने भेगा पडल्या होत्या. सकाळी कामावर निघण्यापूर्वी तो मेणबत्ती तिरपी धरून एकेका भेगेत मेण गाळी, ते थिजेपर्यंत दात आवळून बसे, आणि मग काहीच झाले नाही अशा चालीने बांधावर चढे. वेणूबाईची मान गेल्या दोन हंगामांपासून डावीकडे वळत नव्हती. कोणी त्या बाजूने हाक मारली तर ती सगळ्या अंगाने वळे, आणि तिला न ओळखणाऱ्याला वाटे की बाई मोठ्या तोऱ्याची आहे.

मोठा पडाव करंजखारच्या धक्क्याला फक्त उधाणाच्या भरतीवर लागे. एरवी खाडीच्या त्या टोकाला गुडघाभर पाणी नसे. म्हणून अवसेपुनवेचे चार दिवस म्हणजे भरणीचे दिवस. ज्या घराचे बिल्ले भरणीत सर्वांहून कमी पडतील त्याचे मिठाचे वाफे काढून दुसऱ्याला द्यायचे, हा पोपटचा अधिकार. चैत्री पुनवेची भरणी संपली तेव्हा शिवरामचे घर तळाला होते. सगळ्यांच्या देखत पोपट म्हणाला,

"शिवरामदादा, अवसेच्या भरनीला असंच झालं तर तुजे वाफे मी माज्या मेव्हन्याला देनार. मंग बोलू नको, पोपटनं सांगितलं नवतं."

पुतळा चुंबळ झटकत होती. ती झटकता झटकताच म्हणाली,

"काका, आमच्या दोगींच्या पाट्या पुऱ्या धरा, मंग बगा कोन तळाला हाय."

"पाटी पुरी कशी धरू गो? पाटी म्हंजे अर्धी टोपली."

"तोलून बगितलंय कोनी?"

पोपट हसला. तो वाईट माणूस नव्हता; त्याला लहान होण्याचे भय होते, आणि अशा माणसाला कोणी प्रश्न विचारला की तो आधी हसून घेतो. म्हणाला, बायांची पाटी एकटी काट्यावर चढत नाही एवढे तरी नववीपर्यंत शिकलेल्या पोरीला ठाऊक असायला हवे.

हेही खरे होते. राशीच्या आणि धक्क्याच्या मध्ये मीठ घेणाऱ्या व्यापाऱ्याचा लोखंडी काटा होता, शेंदूर लावलेला. त्याच्या फळीवर आधी पुरुषाची टोपली टेकायची आणि मगच बायांच्या पाट्या ठेवायच्या. एकट्या पाटीने काटा खोटा पडतो, असे जुनी माणसे सांगत. पुरुषाच्या टोपल्यांचे निराळे वजन करण्याचेही कारण कधी पडत नसे, कारण तोल घराघराचा होई: घरातल्या सगळ्यांच्या दोन खेपा फळीवर रचायच्या, म्हणजे कोणते घर उणे भरते ते व्यापाऱ्याला कळे. गंगाराम मापारी प्रत्येक टोपलीची नि पाटीची शीग हाताने सारखी करी, दांडीवरचे वजन सरकवी, आणि घराचे नाव व आकडा असा हेल काढून ओरडे की तो पडावातल्या तांडेलाला ऐकू जाई. टोपल्या साऱ्या एका मापाच्या, पाट्याही साऱ्या एका मापाच्या. पेणच्या एकाच बुरुडाकडून व्यापारी त्या आणवी.

पुतळाला नियमात ही एवढीच फट दिसली. पाटीला एकटीने चढता येत नव्हते. पण आकडा तर उघड्यावर ओरडला जात होता.

पनवेलच्या शाळेत नंदकिशोर गुरुजी बीजगणित शिकवीत. ज्या वर्षी दोन अव्यक्तांची समीकरणे आली त्या वर्षी परीक्षेच्या आठवड्यात भरणी होती, आणि पुतळा पेपराला न जाता पाट्या वाहत होती. तिची नववी तिथेच संपली. पण गुरुजींचे एक बोलणे तिच्या डोक्यात राहिले होते, कारण ते खाडीचे होते. ते म्हणत, दोन अज्ञात संख्या म्हणजे चिखलातल्या दोन निसटत्या मासळ्या, निवट्या. एका हाताने धरू गेलात तर एकही सापडत नाही. एक विधान म्हणजे एक हात. दोन विधाने घ्या, दोन्हीकडून आडवा, मग जातील कुठे?

संध्याकाळी चुलीपुढे तिने आईबापांना ते समजावले. कालवांच्या मोठ्या शिंपा टोपल्या, खुब्यांच्या लहान शिंपा पाट्या. आपल्या घरच्या दोन खेपा: दोन टोपल्या, चार पाट्या. हिरामणच्या घरात तो आणि त्याचा भाऊ असे दोन पुरुष आणि बाई एकटी, हिरामणची बायको केशरबाई. तिथे चार टोपल्या, दोन पाट्या. दोन्ही वजने कळली की टोपलीचे वजन निराळे आणि पाटीचे निराळे काढता येते. वेणूबाई शिंपांकडे पाहत राहिली. शिवरामने भाकरीचा तुकडा कालवणात बुडवला आणि तो तसाच धरून म्हणाला,

"समज, निगालं वजन. मंग काय करशील?"

"मागीन."

"कोनाकडं? पुढच्या सालाला आगर ऱ्हातंय का नाय ते ठावं नाय. सरकारचे लोक जमीन घ्यायला खुंट्या ठोकून गेले. पोपट पन तेच बोलतो, एक हंगाम उरला, त्याच्यात भांडन कनाला."

"म्हनूनच औंदा, बा. पुढच्या सालाला मागायला काटा पन नसंल."

शिवरामने तुकडा तोंडात घातला आणि चघळत राहिला. त्याची हरकत केवळ भीतीची नव्हती. आपण एक टोपली नेतो आणि बायको अर्धी, या हिशोबावर त्याचे अख्खे आयुष्य उभे होते. टाचेतून रक्त येत असतानाही तो या हिशोबामुळे घरात मोठा होता. त्याने हे मनातदेखील कबूल केले नसते. पण पुतळाने शिंपा गोळा केल्या तेव्हा तो उठून बाहेर जाऊन बसला.

अवसेची भरणी लागली. पहिल्या सकाळी शिवरामच्या घराला राशीवर जागा मिळाली नाही. आदल्या संध्याकाळी वाफ्यातून ओढून काठावर लावलेल्या ताज्या ढिगातून पोपटने त्यांना वाहायला लावले. पाट्यांच्या बुडातून खारे पाणी ठिबकत होते. ते चुंबळीत मुरे, कपाळावरून डोळ्यांत उतरे, मानेवरून चोळीत शिरे, आणि ऊन चढले की पाठीवर पांढरे ओघळ वाळत. पहिल्या दोन खेपा काट्यावर रचल्या. गंगारामने हेल काढला,

"शिवरामचं घर, एकशे चौऱ्यांशीऽऽ"

पुतळाने तो आकडा दिवसभर तोंडात धरून ठेवला. उन्हे कलली तेव्हा हिरामणचे घर रास वाहत होते, आणि गंगाराम ओरडला, "हिरामनचं घर, एकशे शहात्तरऽऽ"

तिने बांधावरच काटकीने मातीत गणित मांडले. तिचा हात सवयीने चालला; उत्तर आले तेव्हा तिने ते नीट पाहिलेही नाही. दोन वर्षे गिळलेला पेपर तिला आज सोडवायचा होता. ती तशीच बिल्ल्यांच्या पिशवीपाशी गेली आणि म्हणाली, पाटी बत्तीस किलो भरते.

"आनि टोपली?" पोपटने विचारले.

तेव्हा कुठे ती थबकली. "अठ्ठावीस," ती म्हणाली, आणि म्हणतानाच तिचा आवाज खाली बसला.

धक्क्यावर असे हसू पूर्वी कधी फुटले नसेल. हिरामणचा भाऊ बांधावर बसून मांड्या थोपटू लागला. कोणी म्हणाले, उद्यापासून बायांनी टोपल्या घ्याव्यात, पुरुषांना हे पाट्यांचे ओझे झेपत नाही. बायाही हसल्या, केशरबाई पदर तोंडात धरून हसली, आणि पुतळाला सर्वांत अधिक ते लागले. पोपट मात्र आता हसत नव्हता. त्याने एक भरलेली टोपली मागवली आणि तिच्यापुढे ठेवली.

"घे. तुज्या शाळेच्या हिशोबानं पाटीपक्षी हलकी हाय. ने पडावात."

शिवराम खाली मान घालून उभा होता. पुतळाने चुंबळ बसवली, बसली, दोघींनी टोपली उचलून तिच्या डोक्यावर दिली, आणि ती उठली. उठताना तिच्या गुडघ्यांत काहीतरी करकरले. फळीवर पहिले पाऊल टाकताच फळी तिच्याखाली अशी वाकली, जशी ती पुरुषांखाली वाके. मान खांद्यांत गेली, डोळ्यांपुढे पाणी पिवळे दिसू लागले. कोणी हात पुढे केला तो तिने कोपराने सारला. तिने टोपली पडावात ओतली, रिकामी टोपली आणून पोपटच्या पायांशी ठेवली आणि हात पुढे केला.

"टोपली नेली, काका. बिल्ला."

पोपटला तो द्यावा लागला. लोक पांगले. पुतळाच्या तळव्यात बिल्ला होता आणि मांड्या थरथरत होत्या. आणि त्या थरथरीतच तिला एक गोष्ट लख्ख कळली होती. टोपली जड होती. पाटीपेक्षा पुष्कळ जड होती. म्हणजे गणित चुकले होते. पण आकडेमोड तिने वाटेत दोनदा मनात फिरवली आणि तीत चूक नव्हती.

घरी वेणूबाई पालथी पडली होती आणि पुतळा तिच्या मानेवर गोडे तेल चोळत होती. पाठीवर मिठाचे पापुद्रे धरले होते. ते आधी ओल्या फडक्याने काढावे लागत. वेणूबाई उशीत तोंड घालून कुरकुरत होती, की आज मान कामातून गेली, ताज्या ढिगाचे मीठ नेहमी असाच जीव घेते, पाणी वाहतो की मीठ तेच कळत नाही, आणि केशरचे बरे, तिला सुकी रास मिळाली.

पुतळाचा हात थांबला.

मिठात जन्मलेल्या माणसाखेरीज ही चूक कोणी केली नसती. परक्याने आधी विचारले असते, मीठ ओले की सुके? करंजखारमध्ये ते कोणी विचारत नसे. ओले जड हे पोटातल्या पोरालाही ठाऊक, म्हणून ते कोणी उच्चारत नसे, आणि न उच्चारल्यामुळे ते तिच्या मांडणीत आलेच नाही. सकाळची पाटी एक वस्तू होती आणि संध्याकाळची पाटी दुसरीच. तिने दोघींना एक नाव दिले होते. निवट्या दोन नव्हत्या, चार होत्या. दोन हातांनी त्या सापडणार कशा?

"आये," ती म्हणाली, "तुजी मान माज्या गुरुजींपक्षी हुशार हाय."

"चोळ मुकाट्यानं," वेणूबाई म्हणाली.

दुसऱ्या दिवशी पुतळा पाण्याच्या विहिरीवर केशरबाईला भेटली. कालचे हसू दोघींच्या मध्ये उभे होते. पुतळाने त्याचा उल्लेख केला नाही. तिने एवढेच सांगितले की भरणीच्या शेवटच्या सकाळी दोन्ही घरांनी एकाच सुक्या राशीतून, एकापाठोपाठ काट्यावर यायचे. केशरबाईने घागर भरली आणि काठावर ठेवली. मग म्हणाली, की ती काल हसली ते खरे. पण रात्री नवऱ्याला विचारले, तुमी माजी पाटी कदी उचलून बगितली का, तर तो म्हणाला, बायांची पाटी मी कनाला उचलू.

"मी येते," ती म्हणाली. "त्याला पन आनते."

शेवटच्या सकाळी भरती भराला आली होती. पाणी धक्क्याच्या वरच्या दगडाला लागले होते आणि पडाव अजून निम्मा रिकामा होता. तांडेल घाई करीत होता. ही भरती उतरली की पडाव चिखलात बसणार आणि पुढच्या पुनवेपर्यंत हलणार नाही. शिवरामचे घर, हिरामणचे घर आणि कान्हा नि त्याच्या नव्या बायकोचे घर अशी तीन घरे एका राशीला लागली. पोपटने ते पाहिले. त्याला गणित कळत नव्हते, पण माणसे कळत होती. त्याने गंगारामला जवळ बोलावून सांगितले की आज आकडा ओरडायचा नाही, नुसता टिपायचा.

शिवरामच्या घरच्या दोन टोपल्या आणि चार पाट्या फळीवर रचल्या गेल्या. गंगारामने वजन सरकवले, दांडी डोलली, थांबली. तो टिपू लागला. कोणीच काही ओरडले नाही, आणि त्या शांततेत पाण्याचा बारीक चुबुक चुबुक आवाज ऐकू आला.

"उचला," पोपट म्हणाला.

पुतळा बोलण्यासाठी तोंड उघडणार तोच शिवराम पुढे झाला. त्याने टोपली उचलली नाही. मेण भरलेल्या टाचेचा पाय त्याने फळीच्या कडेशी टेकवला आणि तो गंगारामकडे पाहत उभा राहिला.

"गंगारामबाबा, माज्या बापाच्या टायमापासून माज्या घरचं वजन ओरडलं जातंय. आज काय चोरी केली मी?"

गंगाराम म्हातारा होता. त्याने मान वर केली नाही.

"ओरड. नायतर हे हितंच ऱ्हाईल."

मागे टोपल्या घेऊन उभे असलेले पुरुष चुळबुळू लागले. त्यांना पाट्यांशी काही घेणे नव्हते. पण वजन चोरून टिपायचे म्हणजे उद्या उणे टिपायचे, हे त्यांना सांगावे लागत नव्हते. हिरामणने डोक्यावरची टोपली खाली ठेवली. त्याचा भाऊ, जो परवा मांड्या थोपटत होता, त्यानेही ठेवली. गंगारामने एकदा पोपटकडे पाहिले, एकदा दांडीकडे, आणि मग नेहमीपेक्षा लांब हेल काढून तो ओरडला,

"शिवरामचं घर, एकशे साठऽऽ"

त्यानंतर थांबणे त्याच्या हाती नव्हते. "हिरामनचं घर, एकशे शहात्तरऽऽ"

पुतळाने या वेळी माती शोधली नाही. ती काट्याजवळ उभी राहून, सर्वांना ऐकू जाईल असे, सावकाश बोलली.

"आमचं घर दोनदा तोललं असं समजा. टोपल्या चार, पाट्या आठ, वजन तीनशे वीस. हिरामनदादाकडं पन टोपल्या चारच. चाराला चार, दोनीकडच्या खाली उतरवा. आमच्याकडं ऱ्हायल्या आठ पाट्या, त्यांच्याकडं दोन. सा पाट्यांचा फरक. तीनशे विसातनं एकशे शहात्तर गेले, एकशे चव्वेचाळीस. सा पाट्या एकशे चव्वेचाळीस, एक पाटी चोवीस."

"परवा बत्तीस बोललीस."

"परवा आमचं मीठ ओलं व्हतं आनि त्यांचं सुकं. चूक माजी व्हती, काका. आज एक रास हाय. आमच्या चार पाट्या शहाण्णव, एकशे साठातनं काडा, चौसष्ट ऱ्हायले दोन टोपल्यांचे. टोपली बत्तीस. अर्दं सोळा. आनि आमी वाहतो चोवीस, म्हंजे चार पाट्यांच्या तीन टोपल्या."

पोपट म्हणाला की आकडे काय, परवा एक, आज दुसरे, उद्या तिसरे; शाळेतल्या पोरीने तोंडाला येईल ते बोलावे आणि आगराने ऐकावे काय? काही माणसे पुन्हा हसण्याच्या बेतात आली. पुतळाने मागे पाहिले. कान्हा आणि त्याची बायको यांच्या दोन टोपल्या आणि दोन पाट्या फळीवर चढत होत्या. गंगारामने शीग सारखी केली, पण दांडीला अजून हात लावला नव्हता.

"बाबा, थांबा," ती म्हणाली. "दोन टोपल्या चौसष्ट. दोन पाट्या अठ्ठेचाळीस. कान्हादादाचं घर एकशे बारा भरंल. एक किलो इकडंतिकडं झालं तर मी परत तोंड उगडनार नाय, आनि पोपटकाका, आमचे वाफे तुमच्या मेव्हन्याला द्या."

वेणूबाईने तिचा दंड धरला, पण बोलणे होऊन गेले होते. वाफे त्याचे होते, पैज पोरीने लावली होती, आणि तो नाही म्हणाला नाही.

गंगारामने वजन शंभराच्या खाचेत टाकले. लहान वजन बोटाने सरकवले, दहाच्या पुढे, आणखी किंचित. दांडी वर गेली, खाली आली, पुन्हा वर गेली. आकड्याची वाट पाहणारी माणसे श्वास धरून उभी राहतात असे म्हणतात. इथे डोक्यावर ओझे असलेली माणसे होती, त्यांना श्वास धरता येत नव्हता, आणि सगळ्यांचा धापांचा आवाज एकत्र येत होता. दांडी मधोमध थांबली. म्हाताऱ्याने डोळे जवळ नेऊन पाहिले. मग तो सरळ झाला, आणि या खेपेला त्याने हेल काढला नाही. तो नुसता म्हणाला,

"कान्हाचं घर. एकशे बारा."

हिरामण वाकला, त्याने केशरबाईची पाटी दोन्ही हातांनी उचलली, छातीपर्यंत नेली आणि खाली ठेवली.

पोपटचा चेहरा उतरला होता, पण त्याने हार मानली नाही. तो म्हणाला, वजन काहीही असो, रीत ती रीत. दोन पाट्यांची एक टोपली. ज्याला पटत नसेल त्याने घरी जावे; एका हंगामासाठी तो रीत बदलणार नाही.

"नका बदलू," पुतळा म्हणाली. "तुमी अर्दी मोजा, आमी अर्दी नेतो."

तिने स्वतःची भरलेली पाटी, आईची भरलेली पाटी आणि एक रिकामी पाटी शेजारी शेजारी मांडली. दोन पाट्यांचे मीठ तिने हातांनी तिन्हींत सारखे वाटले. अठ्ठेचाळीसचे तीन वाटे. सोळा, सोळा, सोळा. केशरबाईने पाहिले आणि तिनेही तेच केले. कान्हाच्या नव्या बायकोला कोणी काही सांगितले नव्हते. तीही खाली बसली. थोड्याच वेळात राशीच्या पायथ्याशी साऱ्या बाया बसून पाट्या हलक्या करीत होत्या. मग त्या उठल्या आणि फळीकडे चालू लागल्या. बेताने, माना सरळ ठेवून, जशा लग्नाच्या वरातीत चालतात. कोणी धापा टाकत नव्हती. दोघी तर बोलत होत्या. पडावात पडणारे मीठ आता खळखळ पडेना, चिमटी चिमटी पडल्यासारखे दिसू लागले.

तांडेलाने खालून वर पाहिले. "अरं मुकादम, पानी फिरलं ना!"

पाणी खरेच फिरले होते. धक्क्याच्या वरच्या दगडावर ओली रेघ उघडी पडली होती आणि ती पाहता पाहता रुंद होत होती. अजून तिसरा हिस्सा पडाव रिकामा होता. पोपटने पुरुषांना दरडावले. पुरुष वाहत होते, पण एकट्या टोपल्यांनी तो पडाव भरती असेतोवर भरणार नव्हता, हे आगरावर आज पहिल्यांदाच सर्वांना दिसत होते. वाहता वाहता ते पाहत होते.

रेघ एक वीत झाली तेव्हा पोपटने पिशवीची दोरी सोडली आणि कोणाकडेही न पाहता म्हटले,

"चार पाट्यांचे बिल्ले तीन. भरा पुऱ्या. भरा लवकर."

बायांनी पाट्या भरल्या. त्या उठल्या तेव्हा गुडघे पूर्वीसारखेच करकरले, माना पूर्वीसारख्याच खांद्यांत गेल्या, आणि फळी त्यांच्याखाली वाकली. वेणूबाईने चार खेपा केल्या, मध्ये एकदाही न थांबता. चौथी पाटी ओतून ती पोपटपुढे आली आणि तिने तळवा पसरला. पोपटने सवयीने दोन बिल्ले ठेवले आणि तो मागच्या बाईकडे वळला.

वेणूबाईने मूठ मिटली नाही. पोपट तिच्या डावीकडे होता. मान वळेना, म्हणून ती सगळ्या अंगाने त्याच्याकडे वळली आणि तळवा तसाच धरून उभी राहिली. तिच्या मागे फळीवर बायांची रांग थांबली. त्यांच्या मागे पुरुष थांबले. पडावाच्या बुडाखालून पाणी सरकत होते.

तिसरा बिल्ला पडला. वेणूबाईने तो इतर दोघांवर नीट बसवला, मूठ मिटली, आणि पाचव्या पाटीसाठी राशीकडे निघाली.